नावाची पाटी आणि सर्व्हे नंबर

२००७ साली प्लेस्टेशन ३ भारतात विकायला आलं तेव्हा त्याची किंमत चाळीस हजारांच्या घरात होती. तेवढ्या पैशात साधी मोटारसायकल येत होती. त्यामुळे पुण्यात ज्या थोड्या घरांत ते यंत्र पोचलं, तिथं ते दहावीच्या टक्क्यांच्या बोलीवर कबूल करून घेतलेलं असायचं, नाहीतर अमेरिकेतल्या काकांच्या बॅगेतून आलेलं असायचं. टीव्हीला जोडलं, इंटरनेट लावलं की पहिल्याच बैठकीत ते विचारायचं, ऑनलाइन आयडी काय ठेवायचा? अक्षरं तीन ते सोळा, तीही रोमन. आकडे चालतील, आडवी रेघ चालेल, खालची रेघ चालेल. आठवीतल्या मुलानं अशा वेळी काय लिहावं अशी अपेक्षा असते? समजा त्यानं लिहिलं ‘डर्टी_पोपट_१२’. पोपट वर्गातल्या कोणत्या तरी विनोदातला, बारा आरटीओच्या एमएच १२ मधले. शेजारी बसलेले दोघं मित्र हसले, यानं बटण दाबलं, संपलं.

संपलं ते खरोखरच संपलं, कारण प्लेस्टेशन नेटवर्कवर हे नाव एकदा ठेवलं की ते कायमचं असे. पैसे देऊन, विनवण्या करून, काही करून बदलत नसे. नको असेल तर नवं खातं उघडा, विकत घेतलेले खेळ, मित्रांची यादी, वर्षानुवर्षं जमवलेल्या ट्रॉफ्या, सगळं जुन्या खात्यात सोडून द्या. आठवीतला मुलगा इंजिनिअर झाला, हिंजवडीत लागला, हाताखाली चार माणसं आली, आणि रात्री कंपनीतल्याच लोकांबरोबर खेळायला बसला की हेडफोनमधून आवाज यायचा, ‘अरे, हा डर्टी पोपट कोण आहे?’

नाव बदलू द्या, ही त्या जाळ्यावरच्या खेळाडूंची जगभरातली सगळ्यांत जुनी मागणी होती. जाळं सुरू झालं नोव्हेंबर २००६ मध्ये. नाव बदलायची सोय खुली झाली एप्रिल २०१९ मध्ये. मधली बारा-तेरा वर्षं प्लेस्टेशन बनवणाऱ्या सोनीसारख्या कंपनीला एक साधा शब्द बदलून देता येत नव्हता. बाहेरून पाहणाऱ्याला हा निव्वळ आळस वाटतो. मलाही त्यात थोडा आळस दिसतो, पण मुख्य भानगड वेगळी होती आणि ती समजून घेण्यासारखी आहे. संगणकावर ‘आपण’ म्हणजे नक्की कोण असतो, हे त्यात उघडं पडतं.

सदाशिव किंवा शनिवार पेठेतल्या एखाद्या मिळकतीकडे पाहा. दारावर पाटी असते, पाटीवर नाव असतं. वाडा विकला गेला, पाटी बदलली. वाडा पाडून अपार्टमेंट झालं, पाटीवर बिल्डरच्या आईचं नाव आलं. पण नगर भूमापन कार्यालयात त्या जागेला एक सिटी सर्व्हे नंबर आहे, आणि मिळकत पत्रिका त्या नंबरावर चालते. मालक कोण, बोजा किती, वाद कोणता, हे सगळं त्या नंबराखाली लिहिलेलं असतं. पाटी पोस्टमनसाठी आणि पाहुण्यांसाठी. सरकार पाटी वाचत नाही.

नीट बांधलेल्या संगणक व्यवस्थेत असंच असतं. खातं उघडलं की सर्व्हर तुम्हाला एक लांबलचक क्रमांक देतो. तो पडद्यावर सहसा दिसत नाही, तुम्हाला तो माहीत असायची गरज नाही. तुमचे गुण, तुमची खरेदी, तुमचे मित्र, तुमच्यावरच्या तक्रारी सगळ्या त्या क्रमांकाला टांगलेल्या असतात. नाव हा त्या क्रमांकाच्या नोंदीतला एक रकाना. रकान्यातला मजकूर खोडून दुसरा लिहायला क्षणभर लागतो, आणि बाकी कशालाही धक्का लागत नाही.

प्लेस्टेशनवर घोळ झाला तो इथं. सुरुवातीच्या काळात खेळ बनवणाऱ्या कंपन्यांना ‘हा खेळाडू कोण’ या प्रश्नाचं उत्तर म्हणून ऑनलाइन आयडीच हाताशी होता. तो बदलणार नाही हे ठरलेलंच होतं, मग त्यावरच हिशेब मांडायला हरकत कसली? कोणी गुणतक्त्यात खेळाडूची ओळख म्हणून ते नाव घातलं, कोणी खेळाची प्रगती नावाखाली साठवली, कोणी विकत घेतलेली नाणी नावावर जमा केली. पाटीलाच सर्व्हे नंबर केलं. आता पाटी बदला म्हटल्यावर त्या खेळाच्या दृष्टीनं जुना माणूस नाहीसा होतो आणि हात हलवत एक नवाच माणूस दारात उभा राहतो, ज्याच्या नावावर काहीही नाही.

सोनीला आपल्या घरातली चूक दुरुस्त करता आली असती, पण ही चूक शेकडो घरांत पसरलेली होती. खेळ बनवणाऱ्या कंपन्या वेगवेगळ्या देशांतल्या. त्यातल्या काही बंद पडलेल्या, काहींचे प्रोग्रॅमर पांगलेले. दहा वर्षांपूर्वीच्या खेळाचं पोट उघडून त्यातलं नाव काढून तिथं क्रमांक बसवायला कोण बसणार? शेवटी सोनीनं एक तारखेची रेघ ओढली. १ एप्रिल २०१८ नंतर आलेले प्लेस्टेशन ४ चे खेळ नाव बदलणं पेलतील असे बनवलेले असावेत, असा दंडक घातला. आधीच्या खेळांपैकी जे जास्त खेळले जातात ते तपासून पाहिले आणि निकाल जाहीर केले. बहुतेक पास झाले. काहींत जुनं नाव कुठंतरी रेंगाळत राहायचं. आणि मोजके खेळ गंभीर दुखण्याच्या यादीत गेले: नाव बदललंत तर खेळाची प्रगती, नाणी किंवा विकत घेतलेल्या वस्तू जाऊ शकतात. त्या यादीत सोनीनं स्वतः प्रकाशित केलेला ‘लिटिल बिग प्लॅनेट ३’ होता, हे मला विशेष वाटतं. नियम करणाऱ्याच्या घरातलंच भांडं फुटकं निघालं.

त्याच यादीत ‘जस्ट डान्स २०१७’ होता. या नाचाच्या खेळाच्या मालिकेचा पुण्याशी संबंध आहे. युबिसॉफ्ट या फ्रेंच कंपनीचा स्टुडिओ २००८ पासून पुण्यात आहे, आणि ‘जस्ट डान्स’च्या कामात त्याचा मोठा वाटा राहिला आहे. पुण्याच्या आयटीत काम करणाऱ्या कोणालाही या प्रकारची चूक समजावून सांगावी लागत नाही. मोबाइल नंबर हीच ग्राहकाची ओळख धरून बांधलेली प्रणाली, आणि मग एके दिवशी ग्राहक नंबर बदलतो, हे दुखणं त्यानं कोणत्या ना कोणत्या प्रोजेक्टवर पाहिलेलं असतं.

सरकारी व्यवस्थेत याचं एक गमतीदार उदाहरण आपल्या सगळ्यांच्या पाकिटात असतं. पॅन कार्डाच्या दहा अक्षरांतलं पाचवं अक्षर हे व्यक्तीच्या आडनावाचं आद्याक्षर असतं. आता कुलकर्ण्यांची मुलगी देशपांड्यांकडे गेली, तांदळाच्या ताटात अंगठीनं नवं नाव लिहिलं, पॅन कार्डावरचं नावही रीतसर बदलून घेतलं. तरी नंबर तोच राहतो, आणि त्यात माहेरचा ‘के’ जन्मभर बसून राहतो. आयकर खात्याचं त्यावाचून काही अडत नाही, कारण त्या ‘के’वरून नाव ओळखायला कोणी जात नाही. नंबर बनवताना नावाची मदत घेतली, पुढं दोघांची फारकत केली. प्लेस्टेशनवर २००६ साली एवढंच करायचं राहून गेलं होतं.

सोनीनं २०१९ मध्ये दिलेली सोय ही अशी. पहिला बदल फुकट. त्यानंतरच्या प्रत्येक बदलाला अमेरिकेत ९.९९ डॉलर, प्लेस्टेशन प्लसचे सदस्य असाल तर ४.९९. प्लेस्टेशन ४ वरून किंवा ब्राउझरमधून बदल करता येतो, नंतर आलेल्या प्लेस्टेशन ५ वरूनही. प्लेस्टेशन ३ आणि हातात धरून खेळायचं व्हिटा यांच्यावरून नाही. त्या दोन यंत्रांचे खेळ नव्या नावाला जुमानतीलच याची हमीही नाही, त्यामुळे ज्यांची जुनी यंत्रं अजून माळ्यावर न जाता टीव्हीखालीच आहेत त्यांनी जरा थांबलेलं बरं. नवं नाव घेतल्यावर तीस दिवस त्याच्याशेजारी जुनं नावही दाखवायचा पर्याय मिळतो. नाहीतर मित्रांच्या यादीत उद्या एक अनोळखी इसम दिसायचा आणि कोणीतरी त्याला काढून टाकायचं.

जुनं शेजारी नवं, ही पद्धत आपल्याला नवी नाही. महाराष्ट्रात खरं नाव बदलायचं तर शासन राजपत्राच्या भाग दोनमध्ये ते छापून यावं लागतं, आणि तिथंही जुनं नाव आणि नवं नाव एकाच नोंदीत असतात. पुणेकरांच्या दृष्टीनं यातला ओळखीचा पत्ता म्हणजे जीपीओजवळचं फोटोझिंको मुद्रणालय. आता अर्ज ऑनलाइन होतात, पण ‘फोटोझिंकोत जाऊन गॅझेट करून आलो’ हे वाक्य एका पिढीच्या तोंडात पक्कं बसलेलं आहे. नवं नाव एकटं छापून भागत नाही, कारण शाळेचा दाखला जुन्या नावाचा असतो आणि बँकेला तो याच माणसाचा आहे हे पटवून द्यायचं असतं. सोनीनं तीस दिवस दिले. बँका आयुष्यभर विचारतात.

जुन्या नावाचं पुढं काय होतं, हा आणखी एक प्रश्न, आणि त्यावर दोन मोठ्या कंपन्यांची दोन मतं आहेत. प्लेस्टेशनवर तुम्ही सोडलेलं नाव दुसऱ्या कोणाला मिळत नाही; ते तुमच्याच नावानं राखून ठेवतात, आणि पस्तावलात तर सपोर्टला सांगून परत घेता येतं, तेही पैसे न देता. मायक्रोसॉफ्टनं मात्र मे २०१६ मध्ये एक्सबॉक्सची जवळजवळ दहा लाख जुनी नावं पुन्हा खुली केली. ती पहिल्या एक्सबॉक्सच्या काळातल्या, पुढं कधीच न फिरकलेल्या खात्यांची होती. सुटसुटीत, आकडे न चिकटवलेली नावं मिळवायला लोकांनी त्या दिवशी गर्दी केली. मला सोनीचं धोरण जास्त शहाणपणाचं वाटतं. ज्या नावानं पाच वर्षं कोणी एकानं शिवीगाळ केली, ते नाव उद्या एखाद्या बापड्याला मिळालं तर पहिले काही महिने तो दुसऱ्याची उधारी फेडत बसेल.

एक्सबॉक्सवर नाव बदलणं आधीपासून शक्य होतं, पहिला बदल सोडला तर पैसे देऊन. पण जून २०१९ मध्ये मायक्रोसॉफ्टनं त्याहून मोठी गोष्ट केली आणि मराठी वाचकाला तीत जास्त रस वाटावा. त्यांनी नावाचं एकमेवपण सोडून दिलं. तुम्हाला ‘सचिन’ हवं, आधी हजार जणांनी घेतलंय? घ्या. मागं चौकटीची खूण करून एक छोटा क्रमांक आपोआप लागेल, आणि तोही बारीक अक्षरांत दिसेल. दुसरं म्हणजे, नाव रोमनमध्येच हवं ही अट काढली. मान्य लिप्यांत देवनागरी होती, बंगाली होती. म्हणजे तेव्हापासून एक्सबॉक्सवर मराठी माणूस आपलं नाव आपल्या लिपीत लावू शकतो. रोमनशिवाय दुसरं काही न समजणाऱ्या जुन्या खेळांसाठी एक रोमन नाव पाठीमागं ठेवलेलं असतं.

मर्यादा बारा अक्षरांची. पण देवनागरीत अक्षर म्हणजे काय, इथं खरी मौज सुरू होते. आपण मोजतो ती अक्षरं आणि युनिकोड मोजतं ते घटक यांचा मेळ बसत नाही. ‘लक्ष्मीरोड’ घ्या. आपल्या डोळ्याला ल, क्ष्मी, रो, ड अशी चार अक्षरं दिसतात. युनिकोडच्या हिशेबानं ती दहा होतात: ल, क, हलंत, ष, हलंत, म, दीर्घ वेलांटी, र, ओकार, ड. एकट्या ‘क्ष्मी’नं सहा घरं खाल्ली. ‘कोथरूडचाराजा’ हे वाचायला सात अक्षरं, मोजायला बरोबर बारा. त्यापुढं एक मात्रासुद्धा मावत नाही. मर्यादा युनिकोडच्या घटकांत मोजली, तर जोडाक्षरांवर प्रेम करणाऱ्या भाषेला दंड पडतो. ‘नगर’ला तीन घरं पुरतात आणि ‘श्री’ हे एकच अक्षर चार घरं अडवून बसतं. रोमनमध्येही ‘एसएचआरईई’ लिहायला पाच लागतात हे खरं, पण तिथं निदान बोटांना आधीच कळतं किती जागा जाणार आहे.

आणखी एक खोच आहे, ती तर अस्सल मराठी. ‘ॲटम’मधला ॲ दोन प्रकारे टाइप होतो. युनिकोडमध्ये त्याला स्वतःचा स्वतंत्र संकेतांक आहे. पण ‘अ’ लिहून त्यावर वेगळा चंद्र चढवला तरी पडद्यावर तेच चित्र उमटतं. डोळ्याला फरक दिसत नाही, संगणकाला मात्र ती दोन वेगळी नावं आहेत. रोमनमध्ये मोठा आय आणि छोटा एल, ओ आणि शून्य यांचा असाच गैरफायदा घेतला जातो. नामवंत खेळाडूच्या नावासारखं दिसणारं नाव घ्यायचं आणि नवख्या पोरांना ‘माझ्याशी आयटम बदल’ म्हणून गंडवायचं, हा जगभर चालणारा धंदा आहे. म्हणून अनोळखी माणसाशी देवघेव करताना नाव वाचून विश्वास ठेवू नये. प्रोफाइल उघडावं, ते आपल्या मित्रयादीत आधीपासून आहे का ते पाहावं.

निन्टेंडोनं या सगळ्या कटकटीतून वेगळीच वाट काढली. स्विचवर टोपणनाव दहा अक्षरांचं, हवं तेव्हा, हव्या तितक्या वेळा बदला, फुकट. एकाच नावाचे हजार लोक असले तरी चालेल, कारण मित्र शोधायचा तो नावानं शोधायचाच नाही. त्यासाठी बारा आकडी फ्रेंड कोड असतो. तो पाठ राहत नाही म्हणून लोक निन्टेंडोला नावं ठेवतात, पण पाटी आणि नंबर वेगळे ठेवण्यात याइतकं स्वच्छ काम दुसऱ्या कोणी केलेलं नाही. पुण्यातली बहुसंख्य पोरं ज्यावर खेळतात त्या मोबाइलवरही हाच प्रकार आहे. बीजीएमआय या खेळात नाव बदलायला रिनेम कार्ड लागतं, पण नावाखाली दिसणारा आकडी आयडी कार्ड वापरल्यावरही तोच राहतो, आणि मुलं एकमेकांना तोच पाठवतात.

एक गोंधळ मात्र नेहमी होतो. कन्सोलवरचं नाव आणि खेळाच्या कंपनीकडचं नाव ही दोन वेगळी असू शकतात. ‘फोर्टनाइट’ हा एपिकचा खेळ आहे, त्याचं खातं एपिककडे, आणि तिथलं नाव दोन आठवड्यांतून एकदाच बदलता येतं. प्लेस्टेशनचं नाव बदललं म्हणून ते आपोआप बदलत नाही. मुलगा आईच्या कार्डावरून पैसे भरून एकीकडचं नाव बदलतो आणि दुसरीकडं जुनंच दिसतं म्हणून रडतो, तेव्हा बहुधा हेच झालेलं असतं.

एका माणसानं अनेक नावं लावणं मराठीला काही नवं नाही. राम गणेश गडकऱ्यांनी कविता ‘गोविंदाग्रज’ या नावानं लिहिल्या, विनोद ‘बाळकराम’ या नावानं, आणि नाटकं स्वतःच्या. वाचकाला कोणतं नाव कशासाठी हे ठाऊक होतं. तिथं नाव हा मुखवटा असला तरी त्यामागचा माणूस जबाबदारी टाळत नव्हता. ऑनलाइन खेळात नाव बदलण्यामागचा हेतू नेहमी इतका निर्मळ नसतो. कोणाला आठवीतला पोपट पुसायचा असतो. कोणाला छळणाऱ्या माणसापासून लांब जायचं असतं. कोणाचं नावच बदललेलं असतं आणि जुन्या नावानं हाक मारलेली त्यांना नको असते. ही सगळी कारणं रास्त आहेत. पण कोणी असाही असतो ज्याच्या नावावर फसवणुकीच्या तक्रारी साचलेल्या असतात आणि त्याला नवी पाटी लावून नव्यानं सुरुवात करायची असते.

लहान मुलांच्या बाबतीत तर नाव बदलायचं कारण पालकांनीच शोधायला हवं. खरं नाव, मागं जन्मसाल, मग शाळेची आद्याक्षरं किंवा ४११०३८ असा पिनकोड, अशी जुळणी मुलं अगदी सहज करतात. एवढ्यावरून मुलगा किती वर्षांचा आणि कोथरूडचा, हे पलीकडच्या अनोळखी माणसाला एका ओळीत कळतं. प्लेस्टेशनवर पहिला बदल फुकट आहे तो अशा नावासाठी वापरावा. प्लेस्टेशन ५ च्या सेटिंग्जमध्ये युजर्स अँड अकाउंट्स, तिथून प्रोफाइल, त्यात ऑनलाइन आयडी. नवं नाव टाकलं की ते उपलब्ध आहे का ते सांगतं, शिवाय काही खेळ अडखळू शकतात असा इशारा देतं. तो इशारा बहुतेक लोक न वाचता खाली सरकवतात. मुलगा जुना एखादा खेळ अजून खेळत असेल तर तेवढा वाचावा.

सेकंडहँड कन्सोल घेणाऱ्यांना आणखी एक सांगायचं आहे. यंत्र सुरू केल्यावर आधीच्या मालकाचं नाव दिसलं तर ते बदलायच्या भानगडीत पडू नये. ते नाव यंत्राचं नसतं, त्याच्या खात्याचं असतं, आणि खातं कंपनीच्या सर्व्हरवर असतं. विकणाऱ्याला समोर बसवून त्याच्याच हातानं साइन आउट आणि फॅक्टरी रिसेट करून घ्यावं, मग आपलं खातं जोडावं. नाहीतर पैसे आपण मोजायचे आणि ट्रॉफ्या त्याच्या खात्यात जमा व्हायच्या.

तक्रारी साचल्यावर नवी पाटी लावणाऱ्याचं काय होतं, ते राहिलंच. नव्या व्यवस्थेत बंदी नावावर घालत नाहीत, खात्याच्या क्रमांकावर घालतात. तुम्ही ज्याला ब्लॉक केलंत तो दहा वेळा नाव बदलून आला तरी त्याच खात्यातून येतो आहे तोवर ब्लॉकच राहतो. संगणकावरच्या खेळांच्या स्टीम या दुकानात तर गेल्या काही नावांची यादीच प्रोफाइलवर पाहता येते, आणि तिच्याआड सतरा आकडी क्रमांक तोच असतो.